रक्ताच्या ट्यूबची रंगीत झाकणं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रक्त द्यायला बसलं की ट्रेमध्ये चार रंगांची झाकणं दिसतात आणि प्रश्न सुरू होतात. काही प्रश्न पेशंटचे, काही घरच्यांचे, बरेचसे डीएमएलटी (लॅब टेक्निशियनचा कोर्स) शिकणाऱ्या पोरापोरींचे. तेच तेच परत येतात म्हणून इथे एकत्र लिहिलेत. हॉस्पिटलात यांना बल्ब म्हणतात, लॅबमध्ये ट्यूब नाहीतर व्हायल, मी सगळे शब्द वापरलेत, वस्तू एकच.

१. रक्त तर एकच आहे, मग एवढ्या रंगांच्या ट्यूब कशाला?

रक्त एकच, पण प्रत्येक टेस्टला ते वेगळ्या अवस्थेत लागतं. शरीराबाहेर आलेलं रक्त काही मिनिटांत गोठायला लागतं. काही टेस्टना ते गोठलेलंच हवं असतं, म्हणजे वर सुटलेलं पिवळसर पाणी, सीरम, तपासता येतं. काहींना अजिबात गोठलेलं चालत नाही कारण पेशी मोजायच्या असतात. आणि काहींना ते गोठायला किती वेळ लागतो हेच बघायचं असतं, म्हणजे लॅबमध्ये येईपर्यंत थांबवायचं आणि मग मशीनवर पुन्हा गोठवायचं. हे सगळं ट्यूबमध्ये आधीपासून घातलेल्या औषधावर ठरतं आणि झाकणाचा रंग म्हणजे आत कुठलं औषध आहे त्याची खूण. पहाटे सहा वाजता वॉर्डात तीस पेशंटचं कलेक्शन करणाऱ्या माणसाला बारीक अक्षरातलं लेबल वाचायला वेळ नसतो, रंग एका नजरेत कळतो.

२. कुठल्या रंगात काय असतं ते एकदा सरळ सांगून टाका.

आपल्याकडे जे रोज दिसतात ते असे. जांभळं झाकण म्हणजे ईडीटीए (रक्त गोठू न देणारं औषध), सीबीसी (रक्तपेशींची मोजणी), एचबीएवनसी (तीन महिन्यांची सरासरी साखर), ब्लड ग्रुप, मलेरियाची स्लाइड, सिकलसेल आणि थॅलेसेमियाची एचपीएलसी (हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करणारी टेस्ट) यासाठी. आकाशी म्हणजे ३.२ टक्के सोडियम सायट्रेट, हेही गोठू न देणारं, पीटी-आयएनआर, एपीटीटी, डी-डायमर या रक्त गोठण्याच्या टेस्टसाठी. लाल म्हणजे काचेची असेल तर आत काहीच नाही, प्लास्टिकची असेल तर रक्त लवकर गोठावं म्हणून सिलिका. पिवळं किंवा सोनेरी म्हणजे तेच सिलिका अधिक तळाशी जेल: थायरॉइड, लिव्हर, किडनी, कोलेस्टेरॉल, बी-ट्वेल्व्ह, व्हिटॅमिन डी, डेंग्यूची एनएसवन, सगळं यात. हिरवं म्हणजे हेपरिन. राखाडी म्हणजे सोडियम फ्लोराइड आणि सोबत पोटॅशियम ऑक्झलेट किंवा ईडीटीए, हे साखरेसाठी. काळं म्हणजे ईएसआरचं (लाल पेशी किती वेगाने खाली बसतात ती टेस्ट) सायट्रेट, त्याचं प्रमाण आकाशीपेक्षा वेगळं, चार भाग रक्ताला एक भाग औषध, म्हणून काळी आणि आकाशी एकमेकींच्या जागी चालत नाहीत.

कमी दिसणारे रंग प्रश्न १५ मध्ये आहेत. आणि सगळ्या कंपन्यांच्या छटा तंतोतंत सारख्या नसतात, त्यामुळे नवीन बॉक्स उघडला की एकदा लेबल वाचायचंच.

३. चार ट्यूब भरून घेतल्या, आईला अशक्तपणा येईल का?

नाही. ट्यूब दिसायला लांब असली तरी आत दोन ते चार मिली रक्त जातं. चार ट्यूब धरल्या तरी दहा-पंधरा मिली, म्हणजे दोन-तीन चमचे. मोठ्या माणसाच्या अंगात साधारण पाच लिटर रक्त असतं. चक्कर येते ती बहुतेक वेळा भीतीने किंवा उपाशीपोटामुळे, तसं होत असेल तर आधीच सांगा, आडवं झोपवून घेतात. अगदी लहान बाळं आणि आयसीयूत रोज दोनदा सॅम्पल जाणारे पेशंट यांची गोष्ट वेगळी, तिथे मिलीमिलीचा हिशोब ठेवावाच लागतो.

४. जांभळी ट्यूब रिकामीच दिसते, त्यात औषध खरंच असतं का?

असतं. प्लास्टिकच्या ट्यूबमध्ये डायपोटॅशियम ईडीटीए आतल्या भिंतीवर फवारून वाळवलेलं असतं, उजेडात धरलं तर भिंतीवर पुसटशी पांढरट झाक दिसते. काहींमध्ये ट्रायपोटॅशियम असतं, ते थेंबभर पातळ औषध. काम दोन्हींचं एकच, रक्तातलं कॅल्शियम पकडून ठेवायचं. कॅल्शियमशिवाय रक्त गोठूच शकत नाही आणि पेशींचा आकारही बऱ्यापैकी टिकतो, म्हणून सीबीसीला हेच.

औषध भिंतीवर आहे म्हणजे रक्त तिथे पोचवायला हवं, नुसतं भरून ट्रेमध्ये उभं ठेवलं तर तळाशी बारीकशी गाठ धरते. लॅबमध्ये काडी फिरवली की काडीला लाल जेलीसारखा धागा लागून येतो आणि ते सॅम्पल तिथेच बाद, कारण प्लेटलेट त्या गाठीत अडकलेल्या असतात, मोजल्या तर खोट्या कमी येणार. पेशंटला परत बोलावलं की तो वैतागतो, साहजिक आहे, पण ती गाठ दिसूनही रिपोर्ट देणारी लॅब जास्त धोक्याची.

५. आकाशी ट्यूब जराशी कमी भरली म्हणून बाबांना परत टोचलं. एवढं काय बिघडतं?

बरंच बिघडतं. या ट्यूबमध्ये सायट्रेट पातळ असतं आणि प्रमाण ठरलेलं, नऊ भाग रक्ताला एक भाग सायट्रेट. २.७ मिलीची ट्यूब असेल तर आत ०.३ मिली औषध, १.८ ची असेल तर ०.२. रक्त कमी पडलं की सायट्रेट जास्त होतं, मशीनवर गोठायला वेळ लागतो आणि आयएनआर (रक्त गोठायला किती वेळ लागतो त्याचा आकडा) आहे त्यापेक्षा जास्त दिसतो.

आता विचार करा, हृदयाची झडप बदललेला पेशंट आहे, रक्त पातळ ठेवायची गोळी चालू आहे, आयएनआर खरा २.४ असताना रिपोर्टमध्ये जास्त आला आणि डॉक्टरांनी त्यावर विश्वास ठेवून गोळी कमी केली. झडपेवर गाठ धरायचा धोका वाढला, आणि कारण काय तर अर्धा मिली रक्त. म्हणून ट्यूब किमान ९० टक्के भरलेली हवी असा नियम आहे आणि तो मोडायला कुणी सांगितलं तरी मोडायचा नाही.

उलटी भानगड पण असते. ज्यांचं हिमॅटोक्रिट (रक्तातलं लाल पेशींचं प्रमाण) ५५ टक्क्यांच्या वर आहे, जन्मजात हृदयरोगाने निळी पडणारी मुलं किंवा पॉलिसायथेमियाचे (लाल पेशी जास्त होण्याचा आजार) पेशंट, त्यांची ट्यूब अगदी रेषेपर्यंत भरली तरी आत प्लाझ्मा (पेशी सोडून उरणारा पातळ भाग) कमी असतो, म्हणजे सायट्रेट जास्तच झालं. अशांसाठी लॅबला आधी फोन करायचा, ते ट्यूबमधलं सायट्रेट हिशोबाने कमी करून देतात.

६. साखरेसाठी राखाडी वेगळी कशाला, पिवळीतच का नाही बघत?

कारण ट्यूबमध्ये गेल्यावरही रक्तपेशी जिवंत असतात आणि साखर खात राहतात. साध्या ट्यूबमध्ये रक्त तसंच ठेवलं तर दर तासाला साधारण ५ ते ७ टक्के साखर कमी होते, उन्हाळ्यात आणखी भराभर, आणि पांढऱ्या पेशी खूप वाढलेल्या पेशंटमध्ये तर फारच.

हिशोब करून बघा. गरोदर बाईची ७५ ग्रॅम ग्लुकोज पाजून दोन तासांनी घेतलेली साखर १५० आहे, १४० च्या वर म्हणजे लक्ष द्यायला हवं. तेच रक्त लाल ट्यूबमध्ये तीन तास बॅगेत फिरलं तर लॅबमध्ये पोचेपर्यंत १२५ च्या आसपास येईल, रिपोर्ट नॉर्मल, आणि त्या बाईचा मधुमेह सापडलाच नाही.

फ्लोराइड पेशींमधलं इनोलेज नावाचं एन्झाइम बंद पाडतं म्हणून साखर टिकते. पण हे बऱ्याच लॅबवाल्यांनाही माहीत नसतं की ते लगेच पूर्ण काम करत नाही, पहिला तास-दोन तास थोडी साखर जातेच, कारण साखर खायच्या सुरुवातीच्या पायऱ्या चालू राहतात. त्यामुळे राखाडी असली तरी लवकर सेंट्रीफ्यूज केलेलं, म्हणजे मशीनमध्ये गरगर फिरवून पेशी खाली बसवलेलं उत्तम. आणि पिवळी ट्यूब अर्ध्या-पाऊण तासात फिरवून जेलने सीरम वेगळं झालं असेल तर त्यातली साखरही बरोबर येते, मोठ्या हॉस्पिटलात लॅब त्याच इमारतीत असते तिथे असं करतातही.

एचबीएवनसी मात्र जांभळीत, त्याला उपाशी राहायचीही गरज नाही, तो तीन महिन्यांचा हिशोब आहे.

७. लाल आणि पिवळी यात फरक काय? दोन्हीत रक्त गोठवतातच ना?

गोठवतातच, फरक जेलचा. पिवळीच्या तळाशी जेलचा गोळा असतो, त्याचं वजन बरोबर सीरम आणि पेशींच्या मधलं. सेंट्रीफ्यूजमध्ये फिरवली की जेल वर सरकून दोघांच्या मध्ये घट्ट बसतं, वर स्वच्छ पिवळं सीरम, खाली लाल गोळा, आणि मग खालच्या पेशी वरच्या सीरममध्ये काही सोडू शकत नाहीत. ट्यूब दुसऱ्या गावाला पाठवायची असेल तर हे फार सोयीचं.

अडचण एवढीच की काही औषधं जेल शोषून घेतं. फिटच्या गोळ्यांची, विशेषतः फेनिटॉइनची, रक्तातली पातळी बघायची असेल तर जेल नसलेली लाल ट्यूब घेतलेली बरी. आणि दोन्हींमध्ये अर्धा तास तरी उभं ठेवून पूर्ण गोठू द्यायचं. रक्त पातळ करायची औषधं चालू असतील तर आणखी वेळ लागतो, घाई केली तर सीरममध्ये फायब्रिनचे (रक्त गोठवणाऱ्या प्रथिनाचे) धागे येतात आणि मशीनची सुई चोक होते.

८. हिरवी ट्यूब कधी लागते?

जिथे थांबायला वेळ नाही तिथे. हेपरिनमुळे रक्त गोठतच नाही, त्यामुळे अर्धा तास वाट न बघता लगेच फिरवून प्लाझ्मा काढता येतो, इमर्जन्सीत किडनी, सोडियम-पोटॅशियम पटकन हवं तेव्हा हीच. एबीजीच्या (धमनीतल्या रक्तातल्या गॅसची टेस्ट) सिरिंजमध्येही हेपरिनच असतं. फक्त आत कुठलं हेपरिन आहे ते बघा: लिथियम हेपरिनच्या ट्यूबमध्ये लिथियमची पातळी कधीच पाठवायची नाही, मानसोपचाराच्या पेशंटना ही गोळी असते, पेशंटने गोळी घेतली नसली तरी रिपोर्टमध्ये लिथियम दिसेल. तसंच सोडियम हेपरिनमध्ये सोडियम बघायचं नाही.

९. आधी कुठली ट्यूब भरायची, काही क्रम असतो का?

असतो. ब्लड कल्चरची बाटली सगळ्यात आधी, कारण तिथे जंतूंचा प्रश्न आहे. मग आकाशी, मग लाल-पिवळी, मग हिरवी, मग जांभळी, शेवटी राखाडी. सुई एकाच जागी असते आणि ट्यूब बदलतात, तेव्हा आधीच्या ट्यूबमधलं औषध सुईच्या टोकाला लागून पुढच्या ट्यूबमध्ये जाऊ शकतं. जांभळीतलं ईडीटीए पिवळीत गेलं तर काय होतं ते प्रश्न ११ मध्ये सविस्तर आहे. लहान बाळांचा क्रम वेगळा, तो प्रश्न १४ मध्ये.

१०. ट्यूब भरल्यावर हलवतात ते किती आणि कसं?

हलवत नाहीत, उलटी-सुलटी करतात, हळू. जांभळी, हिरवी, राखाडी आठ ते दहा वेळा, आकाशी तीन-चार वेळा, पिवळी आणि प्लास्टिकची लाल पाच वेळा. काचेची लाल नाही केली तरी चालतं. ताक घुसळल्यासारखं जोरात हलवलं तर लाल पेशी फुटतात आणि सीरम गुलाबी होतं, त्याला हिमोलाइझ झालं म्हणतात, मग पोटॅशियम आणि पेशींमधली एलडीएच, एएसटी ही एन्झाइम, सगळं खोटं जास्त येतं.

११. पिवळीत रक्त कमी पडलं म्हणून जांभळीतलं थोडं ओतलं तर? बघितलंय मी वॉर्डात.

कधीही नाही. कुणी कितीही सिनियर सांगत असेल तरी नाही. पूर्ण पानातलं हे एकच उत्तर वाचलंत तरी चालेल.

जांभळीत ईडीटीए आहे आणि ते पोटॅशियमचं मीठ आहे. दोन थेंब जरी पिवळीत गेले तरी पोटॅशियम चढतं आणि कॅल्शियम पडतं. जास्त गेलं तर पोटॅशियम ८-१० च्या पुढे, म्हणजे हृदय बंद पडेल असा आकडा, आणि कॅल्शियम जगण्याच्या पलीकडे खाली, सोबत अल्कलाइन फॉस्फेटेजही कमी, कारण त्या एन्झाइमला लागणारं झिंक आणि मॅग्नेशियम ईडीटीए पकडतं. हे तीन आकडे एकत्र दिसले की अनुभवी टेक्निशियन लगेच ओळखतो आणि वॉर्डला फोन लावतो. पण थोडंसंच गेलं असेल तर पोटॅशियम ५.८ वगैरे येतं, कुणालाच संशय येत नाही, आणि पेशंटला पोटॅशियम उतरवायचं औषध सुरू होतं, ज्याचं पोटॅशियम मुळात नॉर्मल होतं. झाकण बदलून ठेवल्यावर बाहेरून काहीही दिसत नाही, म्हणूनच याची मला सगळ्यात जास्त काळजी वाटते.

रक्त कमी मिळालं तर नर्सने किंवा टेक्निशियनने सरळ सांगावं की कमी मिळालं, डॉक्टर ठरवतील कुठली टेस्ट आधी.

१२. पोटॅशियम जास्त आलंय पण माणूस ठणठणीत आहे. ट्यूबची चूक असेल?

शक्यता आहे. प्रश्न ११ मधलं कारण तर आहेच, शिवाय दंडाला पट्टा एक मिनिटापेक्षा जास्त वेळ आवळून ठेवला आणि "मूठ उघड-बंद करा" असं सांगत राहिलं तरी स्नायूंमधलं पोटॅशियम रक्तात येतं. शिर सापडावी म्हणून सगळेच मूठ पंप करायला सांगतात, ती सवय सोडायला हवी, मूठ एकदा धरली की पुरे. हिमोलाइझ झालेलं सॅम्पल, फ्रीजमध्ये ठेवलेलं सॅम्पल (प्रश्न १७) हीसुद्धा कारणं. पण स्वतःच ठरवू नका की चूकच असेल. किडनीचा आजार किंवा बीपीच्या काही गोळ्या चालू असतील तर लगेच डॉक्टरांना दाखवा आणि त्याच दिवशी परत सॅम्पल द्या.

१३. डेंग्यू निगेटिव्ह, ताप नाही, तरी प्लेटलेट ४० हजार. दुसऱ्या लॅबमध्ये नॉर्मल. कोण खरं?

पावसाळ्यात हा प्रश्न सतत येतो. दोन्ही मशीन बरोबर असू शकतात. काही लोकांच्या रक्तात अशी अँटिबॉडी असते की ईडीटीए लागलं की प्लेटलेट एकमेकींना चिकटून गठ्ठे होतात. मशीन गठ्ठ्याला एक प्लेटलेट समजत नाही, सरळ सोडून देतं किंवा पांढरी पेशी धरतं. अंगात प्लेटलेट व्यवस्थित, फक्त जांभळीत कमी. ट्यूबमध्ये जितका वेळ जाईल तितके गठ्ठे वाढतात, म्हणून लगेच तपासणाऱ्या लॅबमध्ये नॉर्मल येऊ शकतं.

उपाय: स्लाइड बनवून मायक्रोस्कोपखाली बघायचं, कडेला प्लेटलेटचे गठ्ठे दिसतात. मग आकाशी ट्यूबमध्ये परत सॅम्पल घ्यायचं आणि आलेल्या आकड्याला १.१ ने गुणायचं, कारण सायट्रेटने रक्त दहा टक्के पातळ झालेलं असतं. एकदा हे कळलं की कागदावर लिहून पाकिटात ठेवा, पुढच्या वेळी ऑपरेशनआधी घबराट होणार नाही.

खऱ्या डेंग्यूत मात्र प्लेटलेट खरंच पडतात, तेव्हा "ट्यूबची चूक असेल" म्हणून घरी बसू नका.

१४. बाळाच्या टाचेतून घेताना जांभळी आधी का भरली?

बरोबरच केलं. टाच किंवा बोट टोचून थेंबथेंब रक्त घेताना ते लगेच गोठायला लागतं, म्हणून ज्याला गोठलेलं चालत नाही ते आधी: ब्लड गॅसच्या टेस्टची नळी असेल तर ती, मग छोटी जांभळी, मग बाकीच्या औषधवाल्या, आणि सीरमची सगळ्यात शेवटी. प्रश्न ९ चा क्रम शिरेतून घेताना.

१५. गुलाबी, पांढरी, गडद निळी, आणि एक वेगळीच पिवळी पाहिली. ही काय?

गुलाबीत ईडीटीएच, पण ब्लड बँकेसाठी वेगळी राखलेली. पांढरीत ईडीटीए अधिक जेल, एचआयव्ही किंवा हिपॅटायटिसचा व्हायरल लोड (रक्तात विषाणू किती) काढायला. गडद निळी शिसं, झिंक, तांबं अशा अगदी कमी प्रमाणातल्या धातूंसाठी, ती ट्यूब आणि झाकणच असं बनवतात की त्यातून धातू रक्तात उतरू नये. वेगळी पिवळी म्हणजे एसीडी (ॲसिड-सायट्रेट-डेक्स्ट्रोज), त्यात डेक्स्ट्रोज असतं म्हणून पेशी जास्त वेळ जगतात, किडनी ट्रान्सप्लांटआधीच्या एचएलए टायपिंगला (देणाऱ्या-घेणाऱ्याच्या पेशी जुळतात का ते बघायला) वगैरे लागते. जेलवाली आणि ही, दोघींचं झाकण पिवळं, त्यामुळे इथे लेबल वाचल्याशिवाय हात लावायचा नाही.

१६. भाऊ जर्मनीत आहे, त्याचं सीबीसी लाल ट्यूबमध्ये घेतलं म्हणे. चुकलं का?

नाही. तिकडे सारश्टेट कंपनीच्या मोनोव्हेट नावाच्या ट्यूब खूप वापरतात, त्यांचा रंगांचा हिशोबच वेगळा: ईडीटीए लाल, सीरम पांढरी, जेलवाली तपकिरी, हेपरिन नारिंगी, आयएनआरची हिरवी, साखरेची पिवळी, ईएसआरची जांभळी. इकडून नर्सिंग करून तिकडे नोकरीला गेलेल्यांनी हे आधी पाठ करावं, कारण आपला लाल आणि त्यांचा लाल अगदी उलट कामाचे आहेत.

१७. गावातून सॅम्पल शहरात जायला पाच-सहा तास लागतात. फ्रीजमध्ये ठेवून पाठवलं तर चालेल?

सगळं एकत्र फ्रीजमध्ये टाकू नका. सेंट्रीफ्यूज न केलेली लाल-पिवळी थंडीत ठेवली की पेशींच्या भिंतीवरचा पंप मंदावतो, पोटॅशियम बाहेर येत राहतं, आणि सीरम दिसायला मात्र स्वच्छ असतं, म्हणजे कुणाला कळतही नाही. आयएनआरची आकाशीसुद्धा न फिरवता फ्रीजमध्ये नको, साध्या तापमानाला पीटी २४ तास टिकतो, एपीटीटीला मात्र चार तासांच्या आत लॅब गाठावी लागते. सीबीसीची जांभळी २४ तासांपर्यंत ठीक. सगळ्यात चांगलं म्हणजे गावातच छोटं सेंट्रीफ्यूज ठेवायचं, पिवळी फिरवून मगच गाडीत द्यायची. ॲमोनिया आणि लॅक्टेट ही नावं यादीत असतील तर बर्फात आणि ताबडतोब, पाच तास त्यांना चालतच नाहीत.

१८. बटरफ्लाय सुईने घेताना पहिली आकाशी ट्यूब भरली आणि फेकून दिली, रक्त वाया नाही का गेलं?

वाया नाही गेलं. बटरफ्लायच्या नळीत हवा असते, पहिली ट्यूब आधी ती हवा ओढते आणि त्यामुळे कमी भरते, पुढचं प्रश्न ५ मध्ये आहेच. म्हणून एक ट्यूब फक्त नळी भरायला वापरतात, ती पूर्ण भरायचीही गरज नसते. पहिली ट्यूब पिवळी असेल तर हे करावं लागत नाही.

१९. एक्सपायर झालेली ट्यूब वापरली तर काय, आत मीठच तर आहे?

मीठ टिकेल, व्हॅक्यूम टिकत नाही. जुनी ट्यूब रक्त कमी ओढते आणि प्रमाण बिघडतं, आकाशीत हे सगळ्यात महाग पडतं.

२०. क्रोमोसोमची टेस्ट आणि डीएनएची टेस्ट एकाच ट्यूबमध्ये होईल का? दोन्ही जेनेटिकच आहेत.

नाही. कॅरिओटाइपला, म्हणजे क्रोमोसोमच्या टेस्टला, जिवंत पेशी लागतात, त्या लॅबमध्ये वाढवायच्या असतात, म्हणून सोडियम हेपरिनची हिरवी. ईडीटीएमध्ये पेशी नीट वाढत नाहीत. डीएनएच्या पीसीआरला (डीएनएच्या प्रती काढून तपासणं) उलट जांभळी, कारण हेपरिन पीसीआरमध्ये अडथळा आणतं. दोन वेळा गर्भपात झालेली जोडपी लांबून येतात, दोघांच्या या टेस्ट एकाच वेळी असतात आणि ट्यूब अदलाबदल झाली तर आठवडाभराने फोन येतो की पेशी वाढल्याच नाहीत. फॉर्मवर दोन्ही नावं असतील तर दोन रंग, आणि प्रत्येक ट्यूबवर पेशंटचं नाव तिथेच, त्याच्यासमोर लिहायचं.